असाली, झुमा, मार

वरातीतल्या कुण्या शहाण्याने कनेरगाव नाक्यावर वडाखालीच फटाक्यांची लड लावली आणि वरचं आग्यामोहोळ उठलं! जीपमधून उतरलेली आम्ही सगळी माणसं वाट फुटेल तिकडे पळालो. माझी चप्पल तुटली. तेवढ्यात कुणीतरी माझं मनगट धरून मला खाली बसवलं अन् जीपवरची ताडपत्री दोघांवर ओढून घेतली.

अर्धवट उजेडात बघते तर काय — तोच! नरसीचा रत्नपाल. सुट्टीत कनेरगावला बहिणीकडे आलेला. काही ना काही काम काढून हिंगोलीहून मी बसायचे त्याच जीपने यायचा, आरशातून बघायचा आणि मी बघितलं की खिडकीबाहेर बघायचा.

"हलू नका," तो कुजबुजला. "हात झटकला की अजून येतेत."

"तुमी कोण सांगणार?" दात वाजत होते, पण माझं तोंड गप्प बसेल तर शपथ.

माशा ताडपत्रीवर टपटप आपटत होत्या. एक आत शिरली... थेट माझ्या केसांत. संध्याकाळी वाशीमचे पाहुणे मला बघायला येणार, म्हणून आईने वासाचं तेल थापलं होतं ना! माशी कानामागे चालायला लागली आणि मला रडू फुटलं.

"माझ्याकडं बघा. मी टांझानियात बोअरच्या मशीनवर हाय. तिकडं मधाला काय म्हणतेत, माहीत हाय? असाली."

"मरायच्या वेळी कसली शिकवणी!"

"संगं नायजेरियाचा मेस्त्री हाय. त्याच्या हौसा भाषेत झुमा. अन् इथिओपियाचा ड्रायव्हर हाय, तो म्हणतो... मार."

"मार?" रडता रडता मला हसू आलं. "तो तर तुमाला बाहेर गेल्यावर मिळंल."

तोही हसला. हसता हसता त्याने चिमटीत माशी अलगद उचलली. ती त्याच्याच अंगठ्याला डसली, पण पठ्ठ्याने हूं की चूं केलं नाही. मला त्याचा असा राग आला! इतकं चांगलं वागायला सांगितलं कुणी?

"इतके दिवस काहून बोलले न्हाई?"

"उद्या परत निघायचं हाय... कोणत्या तोंडानं बोलू?"

"अन् झुमाबिमा सांगायला तोंड होतं!"

तो काही बोलणार, एवढ्यात मला न्यायला नाक्यावर आलेल्या बाबांची हाक आली. "पल्लवी! कुठं हायस गं?"

एका ताडपत्रीखाली, परक्या पोरासोबत...

माशा पांगल्या. कुणीतरी ताडपत्री उचलली. सगळा नाका बघत होता. समोर बाबा, आणि शेजारी वाशीमचं स्थळ आणणारे सोनाजीमामा.

"कोण हाय रे हा?" मामा खेकसले. मागे दोघातिघांनी बाह्या सरसावल्या.

रत्नपालने बाबांना हात जोडले. अंगठा टम्म सुजला होता. "काका, मीच ओढलं यांना. यांचा काही कसूर न्हाई. ह्या मला ओळखत बी न्हाईत."

मला सोडवून स्वतः मार खायला निघाला होता शहाणा! त्याच्या बोलण्याला मी नुसती मान हलवली असती, तर संध्याकाळी पाहुणे आले असते आणि उद्या हा कायमचा गेला असता.

"ओळखतीस का याला?" बाबांनी मला विचारलं.



"व्हय, बाबा. ओळखते." मी मामांकडे वळले. "मामा, वाशीमच्या लोकांना येऊ नका म्हणून सांगा. मला हाच पाहिजे." मग रत्नपालला विचारलं, "तुमच्या घरच्यांना घेऊन येता का आज?"

तो सुजलेला अंगठा धरून माझ्याकडे बघतच राहिला. मी मान खाली घातली... डोळे भरून आले.

शेवटी बाबाच ओरडले, "आरं, बोल की लेका! पोरगी कवाची उभी हाय!"