शिमोजींच्या गळ्यातली पाटी

सुप्याच्या औद्योगिक वसाहतीत जेवणाची सुट्टी संपली, तरी शिमोजी साहेबांचा पत्ता नव्हता. फोनही उचलत नव्हते. तेव्हा कारखान्याच्या मॅनेजरने आरतीला सांगितलं, की गाडी घेऊन जा आणि म्हाताऱ्याला काय झालंय ते बघून ये. काम साधंच होतं. आरती दुभाषी होती, आणि जपानी माणसाला ताप येवो, साबण संपो की भिंतीवर पाल दिसो, पळावं लागतं ते दुभाष्यालाच. तिने पर्स उचलली आणि ड्रायव्हर गोरक्षनाथच्या गाडीत जाऊन बसली.

आरतीच्या जपानीला नाव ठेवायला जागा नव्हती. टोकियोच्या बातम्यांत बोलतात तसं ती बोले. मराठीही तशीच, घासून पुसून लख्ख केलेली. पुण्याला शिकायला गेली तेव्हा पहिल्याच दिवशी वर्गात उभी राहून म्हणाली होती, "मी पारनेरची हाय," आणि मागच्या बाकांवर जे हसू फुटलं ते ती जन्मात विसरली नाही. त्या दिवसापासून घरची बोली तिने उंबऱ्याच्या आत कोंडली.

पुढे कळलं, की जपानातही तेच आहे. ओसाकावाले आपल्या बोलीत ऐटीने बोलत, पण उत्तरेच्या त्सुगारूकडचा एक फिटर आला होता, तो तोंड उघडायचा तेव्हा टोकियोचे साहेब गालात हसत. आरतीही त्यांच्याबरोबर हसायची. हे हसू कोणत्या जातीचं, ते तिला पुरतं ठाऊक होतं. तरी हसायची.

शिमोजी या सगळ्यांहून वेगळे. सत्तरी ओलांडलेला माणूस, यंत्रांचा सल्लागार म्हणून आलेला, पार दक्षिणेच्या मियाको बेटावरचा. त्या बेटाची भाषा जपानीची बहीण खरी, पण टोकियोच्या माणसाला तिच्यातलं अक्षर कळत नाही. आरतीने एकदा सहज म्हटलं होतं, तुमच्या बेटाचं काहीतरी बोलून दाखवा ना. म्हाताऱ्याचा चेहरा पांढरा पडला. हात शर्टाच्या गळ्याशी गेला. भर उन्हाळ्यातही ते वरचं बटण कधी काढत नसत. "मला येत नाही," एवढंच म्हणाले, शुद्ध जपानीत. मग त्यांनीच विचारलं, "तुमच्या घरी कसं बोलतात?"

"असंच," आरती म्हणाली.

त्यानंतर ते अधूनमधून हाच प्रश्न विचारत राहिले, आणि आरती बोलू लागली की मान तिरकी करून ऐकत. म्हाताऱ्याला भाषेची आवड असेल, असं तिला वाटलं.

त्यांचा बंगला वसाहतीच्या मागे, माळावर एकटाच होता. पाठीमागे डोंगरावर पवनचक्क्या. वारा उठला की पात्यांचा घुम्म घुम्म असा आवाज खाली उतरायचा आणि बोलणाऱ्याला मध्येच थांबायला लावायचा. गोरक्षनाथने फाटकापाशी गाडी लावली. "तुमी जाऊन या ताई, मी हितंच हाय," म्हणून तो मोबाईलवर मेहुण्याशी कांद्याच्या भावाचं बोलू लागला.

दार नुसतं लोटलेलं होतं. आत पाऊल टाकलं आणि आरतीला वास आला. ओल्या, कुजक्या लाकडाचा, त्यात काहीतरी खारट. बाहेर जमिनीला भेगा पडल्या होत्या, विहिरींनी तळ गाठला होता, आणि या घरात ओल कुठून आली, हे तिला कळेना. खिडक्या बंद, पडदे ओढलेले. उन्हातून आलेल्या डोळ्यांना काही दिसत नव्हतं.

"शिमोजी-सान..." तिने हाक मारली.

पात्यांचा आवाज तेवढा.

मग आतल्या खोलीतून कोणीतरी म्हणालं, "आरते... ये आरते... कुठं ऱ्हायली गं?"

आवाज लंकाबाईंचा होता. तिच्या आईचा. चुलीपुढे बसून, पाठमोऱ्या मारलेल्या हाकेसारखा, थोडासा चिडका.

आईच्या हाकेला माणूस विचार करून ओ देत नाही. "आले गं आय," आरती म्हणाली. "कुठं हाय तू? मला दिसत न्हाई..."

आणि तिथेच थबकली. आई तर मळ्यात होती, पारनेरच्या पलीकडे. पण खरं सांगायचं तर आधी भीती नाही वाटली. आधी लाज वाटली. हात आपसूक तोंडावर गेला, आणि कोणी ऐकलं तर नाही ना, म्हणून तिने मागे वळून पाहिलं. भीती त्याच्यानंतर आली.

"सापडलीस," अंधारातून जपानीत कोणीतरी म्हणालं.

शिमोजी कोपऱ्यातल्या खुर्चीत बसले होते. आरतीला दिसेपर्यंत त्यांनी शर्टाची बटणं काढलेली होती. गळा उघडा, आणि त्याभोवती खोल वळ, बैलाच्या मानेवर जू घासून पडतो तसा. गळ्यात काही नव्हतं. जे होतं, ते आता आरतीच्या गळ्यात होतं. तिने खाली पाहिलं, ओढणी होती, नेहमीची. हाताला मात्र जाड दोरी लागली, दोरीला हातभर फळी, ओली, गुळगुळीत.

"हे काय आहे... काढा हे," ती म्हणाली.

"माझ्याच्याने निघालं असतं तर मी जन्मभर वागवलं असतं का?" म्हातारा निवांत बोलत होता. "आमच्या शाळेत घरच्या बोलीत बोललेल्या पोराच्या गळ्यात ही पाटी घालत. उतरवायची वाट एकच. दुसरं कोणी तसं बोलताना पकडायचं आणि त्याच्या गळ्यात घालायची. पोरं खेळ सोडून एकमेकांवर पाळत ठेवायची. मग एक दिवस मास्तरांनी ती पद्धत बंद केली. पण तेव्हा पाटी माझ्या गळ्यात होती, आणि ती काढायला कोणी आलंच नाही. तोवर बेटावर सगळे शुद्ध बोलायला लागले होते. पकडणार कोणाला?"

"इथे तर सगळेच बोलतात," आरती म्हणाली. "गोरक्षनाथ... दिवसभर तुमच्यासमोर..."

"त्याला लाज वाटत नाही ना. पाटी बोलीला धरत नाही, लाजेला धरते. असा माणूस सापडायला फार वर्षं गेली, मुली. माझा करार हिवाळ्यातच संपला होता. तुझ्यासाठी मुक्काम वाढवला."

"आणि तो आवाज? आईचा?"

"मी आवाज केला नाही," शिमोजी म्हणाले. "मीही फक्त ऐकत होतो."

मग त्यांनी तोंड उघडलं आणि बोलू लागले. जपानीत नाही. त्यांच्या बेटाच्या भाषेत, आधी अडखळत, मग धो धो. हसत होते, गालांवरून पाणी वाहत होतं, आणि खोलीत आरती उभी आहे याचं त्यांना भानही उरलं नव्हतं. तिला एक शब्द कळला नाही. ती बाहेर पळाली.

"काय झालं ताई? सायेब बरं हायेत ना?" गोरक्षनाथने विचारलं.

मला कसंतरी हुतंय, असं तिला म्हणायचं होतं. शब्द घशाशी आला आणि दोरी आवळली. तोंडातून बाहेर पडलं ते, "मला बरं वाटत नाही. चला." गोरक्षनाथला तिच्या गळ्यात काही दिसलं नाही. त्याने पाण्याची बाटली दिली आणि गाडी काढली.

सुप्याच्या चौकात तिने गाडी थांबवायला लावली. चहाच्या टपरीवर माणसांची गर्दी होती. कोणी म्हणे लई गरम हुतंय, कोणी म्हणे आमी न्हाई जायचो. आरती मान तिरकी करून ऐकत बसली. एकेक तोंड न्याहाळत. आपण काय करतोय हे कळलं तेव्हा तिला स्वतःची शिसारी आली. पण दोरी सैल झाली नाही. इथे कोणाला कशाची लाज नव्हती.

आणि मग तिला ईश्वरी आठवली. तिची पोर, सात वर्षांची. नवरा चाकणला कारखान्यात, म्हणून मायलेकी मळ्यात लंकाबाईंपाशी राहत, आणि पोर आजीच्या बोलीत वाढली होती. आरती तिला रोज टोकायची. 'न्हाई' नाही, 'नाही' म्हण. अशी बोललीस तर शाळेत हसतील तुला. टोकून टोकून पोर पाहुण्यांपुढे गप्प राहायला शिकली होती. एखादा शब्द सुटला की कावरीबावरी व्हायची. ही लाज आरतीने तिला हाताने भरवली होती, आणि तिला त्याचा अभिमान होता.

"गोरक्षनाथभाऊ, घरी नको," ती म्हणाली. "पुण्याला घ्या. कुठेही घ्या." दोरी आवळत चालली होती. डोळ्यांपुढे अंधारी आली, आणि पुढचं तिला आठवत नाही.

शुद्धीवर आली तेव्हा गाडी मळ्यात, दारापुढे उभी होती. "येडं का खुळं, अशा तब्येतीत पुन्याला?" गोरक्षनाथ म्हणत होता. "म्हातारीला फोन केलाय मी, काळजी करू नगा." भला माणूस. त्याच्या भलेपणानेच घात केला.

गोठ्याकडून ईश्वरी धावत आली. पोरीने गाडीचं दार उघडलं, आईचा चेहरा पाहिला आणि तिचे डोळे मोठे झाले.

बोलू नकोस, असं आरतीला ओरडायचं होतं. घशातून आवाज निघेना. तिने ओठांवर बोट ठेवलं.

"मम्मे, काय झालं गं? तू रडती व्हय?" ईश्वरी म्हणाली. मग तिला ते बोट दिसलं. आपलं काय चुकलं ते पोरीला तत्काळ कळलं. तिचा चेहरा उतरला, आणि दोन्ही हात तोंडावर गेले.

आरतीच्या गळ्यातली दोरी सैल झाली. मोकळा श्वास आत गेला, आणि त्या श्वासाचं तिला सुख वाटलं, हे ती पुढे कोणालाच सांगू शकली नाही.

"व्हय गं बाई, रडती हाय मी," ती पोरीला पोटाशी धरून म्हणाली. "बोल ना गं. कशीबी बोल. काय न्हाई व्हत."

"मी ठीक आहे, आई," ईश्वरी म्हणाली. स्वच्छ. बातम्यांतल्यासारखं. पोरीच्या केसांना ओल्या लाकडाचा वास येत होता.

दुसऱ्या दिवशी, रविवारभर, आरती तिच्यापुढे बसून बोलत राहिली. हाय, न्हाई, व्हय, लई, हुतं, गेल्तो. आईसारखं, आजीसारखं, शेतातल्या बायकांसारखं. मला धर, माझ्याकडं परत ये, असं मनात म्हणत. लंकाबाई चुलीपाशी पदर तोंडाला लावून बघत होत्या. ईश्वरी मान तिरकी करून सगळं ऐकायची आणि शेवटी हळूच नकाराची मान हलवायची. आरतीला आता लाज वाटतच नव्हती. तिने आणायचा प्रयत्न केला, त्या वर्गातलं हसू पुन्हा पुन्हा आठवलं. काही उपयोग झाला नाही. लाज जळून गेली होती. संध्याकाळी पोरीच्या गळ्यावर बारीक लाल रेघ उमटली, आणि ती जेवली नाही.

त्याच संध्याकाळी गोरक्षनाथचा फोन आला. "सायेब गेलं ताई, इमानतळावर मीच सोडलं. वाटभर माज्याशी बोलत हुतं. एक शबुद कळला न्हाई, पन म्हातारा लई खूश हुता."

सोमवारी सकाळी शाळेची गाडी रस्त्यावर येऊन थांबली. आत पोरांचा गोंगाट चालला होता. शहरी वळणाची शाळा, आणि आजूबाजूच्या मळ्यांतली पोरं, घरी एक बोलणारी, बाईंपुढे दुसरं. ईश्वरी दप्तर घेऊन निघाली. चढण्याआधी तिने वळून आईकडे पाहिलं, विचारल्यासारखं.

पोरीला दंडाला धरून मागे ओढायला एक क्षण पुरला असता. आरती दारात उभी राहिली.

संध्याकाळी ईश्वरी उड्या मारत घरी आली. "मम्मे, लई भूक लागली गं," म्हणाली आणि भाकरी मागून घेतली. गळा कोरा होता. आरतीने तिला छातीशी धरलं, मुके घेतले, आणि कोणाच्या गळ्यात दिलीस, हे विचारलं नाही. त्या रात्री ती शांत झोपली.

मंगळवारी गाडी आली. आत गोंगाट नव्हता. पोरं आपापल्या जागी बसली होती, सगळीच्या सगळी, माना तिरक्या करून एकमेकांच्या तोंडाकडे बघत. आणि कोणीच बोलत नव्हतं.