नळीला हात कुणी लावला

जवळ सरका, म्हणजे आवाज चढवावा लागणार नाही. आणि मध्येच कुणी "खरंच का हो?" म्हणून विचारायचं नाही. जिच्या बाबतीत हे घडलं ती सिस्टर तुमच्या थोरल्या आत्याबरोबर एकाच वॉर्डात होती. थापा मारणं तिच्या स्वभावातच नाही. खात्री असल्याशिवाय ती पेशंटला "बरं वाटेल हं" एवढंसुद्धा म्हणत नाही.

गेल्या डिसेंबरातला शेवटचा रविवार. रात्रीचे साडेदहा वाजून गेले होते. सिस्टर आठवडाभर तापानं अंथरुणाला खिळून होती, त्या दिवशी कुठे जरा उठून बसली होती. तेवढ्यात फोन वाजला. चष्मेवाल्यांचा मुलगा.

"सिस्टर, बाबांचं पोट खूप फुगलंय. आडवं होता येत नाही, श्वास पुरत नाही. याल का?"

"काकू नाहीत का घरी?"

पलीकडे नुसता खरखराट. मग फोनच कटला. सिस्टरनं नवऱ्याची बोलणी खाल्ली, स्वेटरवर स्वेटर चढवला, बॅग स्कूटरला अडकवली आणि निघाली.

आता हे चष्मेवाले कोण, ते ऐका. बाजारात त्यांचं चष्म्याचं दुकान होतं. दारूचा थेंब कधी तोंडाला लावला नाही. पण तरुणपणी झालेली कावीळ आतल्या आत लिव्हर पोखरत राहिली. लिव्हर आखडून कडक झालं की पोटात पाणी साठायला लागतं. आधी मीठ तोडलं. मग लघवीच्या गोळ्या. काही महिने निभावलं, नंतर गोळ्यांनाही ते पाणी दाद देईना. मग वॉर्डात येणं सुरू झालं. डॉक्टर पोटाच्या एका अंगाला सुई घालून पाणी काढायचे. एकदम खूप पाणी गेलं तर रक्तदाब कोसळतो, म्हणून हाताच्या शिरेतून प्रोटीनची बाटली चालू असायची. दर खेपेला सिस्टर उशाशी, त्यांची बायको, म्हणजे काकू, पायाशी.

लोक पोट बघून कुजबुजायचे, "चांगली ढोसली असणार." काकूंच्या ते जिव्हारी लागायचं. चष्मेवाले हसण्यावारी न्यायचे. पोटावरून हात फिरवत म्हणायचे, "दिवस भरलेत माझे, सिस्टर. नाव शोधायला घ्या." सगळा वॉर्ड हसायचा. काकू तेवढ्या खिडकीबाहेर बघत राहायच्या.

शेवटी दुसरं लिव्हर बसवण्याच्याही पलीकडे गोष्ट गेली. तेव्हा डॉक्टरांनी कातडीखालून एक मऊ नळी पोटात बसवून दिली. सारखं हॉस्पिटल गाठायला नको, घरच्या घरी बाटली जोडायची, एक भरली की थांबायचं. हे काम सिस्टरनं काकूंना शिकवलं. पहिल्यांदा हातमोजे घालताना काकूंची बोटं अशी थरथरत होती, की चष्मेवालेच म्हणाले, "अगं, आत मीच आहे. दुसरं कुणी नाही." महिनाभरात काकू इतक्या तयार झाल्या, की सिस्टर आली तर नुसती बघत बसायची. पाणी गढूळ तर नाही ना, ताप तर नाही ना, सगळ्यावर काकूंची नजर.

तर त्या रात्री धुकं असं दाट, की स्कूटरच्या दिव्याला चार हातांपुढचं दिसेना. सिस्टर अंदाजानं गल्लीत शिरली. घराचं दार सताड उघडं. खाली कुणीच नाही. वरच्या खोलीत दिवा होता.

"काकू?" जिन्यातूनच तिनं हाक दिली.

ती वर गेली. चष्मेवाले तीन उशांना टेकून झोपले होते. त्यांना गुदमरल्यासारखं व्हायचं म्हणून खिडकी उघडी, खोली गारठलेली. आणि पलंगाशी, दाराकडे पाठ करून, काकू बसल्या होत्या. नळीला बाटली जोडलेली. पिवळसर पाणी संथपणे बाटलीत उतरत होतं.

सिस्टरचा जीव भांड्यात पडला. जरा रागही आला.

"अहो काकू, तुम्ही आहात तर मला कशाला पळवलं एवढ्या थंडीत? पोरगा तर घाबरवूनच टाकतो..."

काकू वळल्या नाहीत. एक हात मागे करून तिला थांबवलं फक्त. हळू. झोपलेत ते.

सिस्टर दारातच थांबली. बाटली भरत आली होती. काकूंनी नळीचा चाप लावला. सफाईनं. नेहमीसारखा. मग वाकून त्या पट्टी बसवायला लागल्या.

सिस्टर बघत होती. गारठा इतका, की तिच्या तोंडातून वाफ निघत होती. चष्मेवाल्यांच्याही ओठांवर प्रत्येक श्वासाला वाफ येत होती, विरत होती.

काकू त्यांच्यावर वाकल्या होत्या. दिव्याच्या अगदी समोर.

त्यांच्या तोंडाशी वाफ नव्हती.

सिस्टरनं स्वतःला समजावलं. आठवड्याचा ताप. रिकामं पोट. डोळ्यांवर धुकं. हात धुऊन यावेत म्हणून ती न्हाणीघरात गेली. नळ सोडला. पाणी बर्फासारखं. आरशात बघायचं तिनं टाळलं... का टाळलं, ते तिलाही सांगता येत नाही.

परत आली.

पलंगाशी कुणी नव्हतं.

खुर्ची रिकामी. दुसरं दार नाही त्या खोलीला. जिना न्हाणीघरासमोरूनच उतरतो. तिथून कुणी गेलं नव्हतं.

"काकू..."

तेवढ्यात जिन्यात धाडधाड पावलं वाजली. सिस्टर भिंतीला चिकटली. मुलगा धापा टाकत वर आला. धुक्यात तिला घर सापडणार नाही म्हणून तो मोठ्या रस्त्यावर जाऊन उभा राहिला होता. दोघांची चुकामूक झाली.

"सॉरी सिस्टर, कधी आलात? लगेच पाणी काढू या, बाबांना..." तो बोलायचा थांबला. त्याची नजर जमिनीवरच्या भरलेल्या बाटलीवर गेली. "काढलंतसुद्धा?"

"मी नाही. काकूंनी."

मुलानं खोलीभर नजर फिरवली.

"अरे, आत्ता इथे बसल्या होत्या. कुठे गेल्या?"

मुलानं दाराची चौकट धरली. "सिस्टर... तुम्हाला कुणी कळवलं नाही का? आई गेली. मंगळवारी. बाजारातच कोसळली. मी पोचेपर्यंत..."

खिडकीतून धुकं आत येत होतं.

मग सिस्टरनं हळूच विचारलं, "बाटली तू जोडलीस?"

"मला ती नळी बघवतसुद्धा नाही हो."

चष्मेवाल्यांचे हात तर असे कापायचे, की कपही धरवत नसे. घरात तिसरं माणूस नव्हतं. मुलानं तिला कोपऱ्यात ओढलं. "बाबांना ठाऊक नाही. आई मावशीकडे गेलीय असं सांगितलंय मी. त्यांना झेपणार नाही. तुम्ही काही बोलू नका, प्लीज."

"बोलू दे तिला."

पलंगावरून आवाज आला. चष्मेवाले जागे होते. श्वास शांत. चेहऱ्यावरचा ताण गेलेला.

"बाबा, आई उद्या..."

"राहू दे रे. तिनंच सांगितलं मला."

मुलगा कोपऱ्यातून दोन पावलं पुढे आला.

"पाणी काढता काढता सांगत होती. बाजारात कशी चक्कर आली ते. दुखलं नाही म्हणाली." ते थांबले. दम घेतला. "आणि तू अजून रडला नाहीस म्हणाली. माझ्यासमोर हसायला लागतं म्हणून. किती दिवस एकटाच ओढतोयस... ये. इकडे ये."

तो पस्तिशीचा माणूस, पोरांनो. गेला आणि गुडघ्यांवर बसला. महिनोन्महिने त्या पोटावर चादरसुद्धा सहन होत नव्हती. आता तिथे जागा झाली होती. त्यानं बापाच्या पोटावर डोकं टेकलं आणि फोडलेला हंबरडा खालच्या गल्लीत ऐकू गेला. चष्मेवाले त्याच्या केसांतून हात फिरवत राहिले. हात कापत होता, तरी थांबला नाही.

दोघं पहाटेपर्यंत तिच्याबद्दल बोलत होते. सिस्टर खाली बसून ऐकत होती. निघावंसं तिला वाटेना. भीती केव्हाच गेली होती. मध्येच वरून हसण्याचा आवाज आला, मग पुन्हा रडण्याचा.

चष्मेवाले तिसऱ्या दिवशी गेले. झोपेत. पाणी पुन्हा साठायच्या आत.

लोक म्हणतात, तापात भास झाला. सिस्टर वाद घालत नाही. फक्त त्या रात्री निघताना तिनं काय पाहिलं, तेवढं सांगते.

नळीवरची पट्टी नीट बसलीय का, हे बघायला तिनं बॅटरी जवळ नेली. पट्टी पारदर्शक, चारी बाजूंनी घट्ट चिकटवलेली. कुठे सुरकुती नाही. सिस्टरचे स्वतःचे केस मानेपर्यंतच. मुलाचे तर बारीक कापलेले.

पट्टीच्या आत, कातडीला लागून, एक लांब केस अडकला होता. मुळाशी पांढरा. पुढे रंगवलेला काळा.

"बदलायची का पट्टी?" मुलानं विचारलं.

आत काही अडकलं तर पट्टी काढायची, हे सिस्टरनंच काकूंना शिकवलं होतं. तिनं बॅटरी विझवली.

"नको," ती म्हणाली. "असू दे."