तीन सूर आणि एक उडी

हेडफोनची पिन सैल होती, एवढंच निमित्त झालं.

तिच्या मांडीवरच्या लॅपटॉपमधून टुंईटुंई करत एक गाणं बाहेर पडलं आणि दुकानभर बागडायला लागलं. बाकांवर बसलेल्या कुणाचीच मान वळली नाही. दुकान श्रवणयंत्रांचं होतं, त्यामुळे बसलेल्या सगळ्यांची तक्रारच ती होती. पण आतल्या काचेच्या खोलीतून एक तरुण, हातातला बारीक स्क्रू-ड्रायव्हर तसाच धरून, ताडकन बाहेर आला.

"हे... हे कुठून मिळालं तुम्हाला?"

ती ओशाळली. पिन दाबून बसवत म्हणाली, "सॉरी हं. मामांचा नंबर येईपर्यंत जरा काम करत होते."

"ते नाही हो. हा आवाज! कुठला हा?"

"जुन्या व्हिडिओ गेमच्या मशीनमधली चिप असते ना, तिचा. म्हणजे खरी चिप नाही, तिची नक्कल करणारं सॉफ्टवेअर. इंटरनेटवर कुणीतरी फुकट ठेवलंय. हुबेहूब, असं लिहिलंय वर." तिने नाक मुरडलं. "पण ज्याने केलंय ना, त्याला कान नाहीत."

तरुणाचा हात नकळत स्वतःच्या कानाकडे गेला.

"मी केलंय," तो म्हणाला.

दुसरी कुणी असती तर तिला कुठे तोंड लपवू असं झालं असतं. पण हिला घरात भिंगरी म्हणायचे, ते काही उगाच नाही. एकदा फिरायला लागली की थांबणं तिला ठाऊक नव्हतं.

"बरं झालं भेटलात," भिंगरी म्हणाली. "मग आता दुरुस्त करून द्या!"

तिला घाई होती, आणि घाईला कारण होतं. ती रेकॉर्डिंग स्टुडिओत दुसऱ्यांच्या गाण्यांना टाळ्या आणि ठोके जोडायचं काम करायची. पहिल्यांदाच एका अल्बममध्ये तिला स्वतःचं गाणं मिळालं होतं. ते तिने अख्खं जुन्या गेमच्या आवाजात बांधलं. तिच्या मामांचं गेम पार्लर होतं, आणि शाळा सुटल्यावर ती तिथेच कोपऱ्यातल्या मशीनला टेकून अभ्यास करायची. संगीतकार साहेबांनी गाणं ऐकलं आणि म्हणाले, "चाल गोड आहे, पण मेलेली आहे. हे खेळण्यातले आवाज काढ, व्हायोलिन टाक. शनिवारी दे, नाहीतर तुझं गाणं वगळू."

गाण्यात जीव नाही हे तिलाही कळत होतं, आणि तेच जास्त झोंबत होतं. फक्त इलाज व्हायोलिन नाही, एवढी तिची खात्री होती.

"मामांच्या मशीनमधलं गाणं लंगडायचं," ती सांगत होती. "चालता चालता मध्येच अडखळायचं, सूर गिळायचं... पण इतकं गोड! तुमची चिप चालते शिपायासारखी. डावा-उजवा, डावा-उजवा."

"खरी चिप समोर ठेवून एकेक लहर जुळवलीय मी. हुबेहूब आहे."

"हुबे आहे. हूब राहिलंय."

तो हसला. हसू आधी डोळ्यांत आलं आणि मग ओठांवर. हे आपल्या लक्षात आलं याचाच भिंगरीला राग आला.

त्या दिवसापासून दुकान बंद व्हायच्या वेळी ती हजर व्हायची. कान तपासायच्या काचेच्या खोलीत दोघं शेजारी शेजारी बसत. समोर रस्त्यावर पाऊस पडताना दिसे, पण आत थेंबाचाही आवाज येत नसे. इतकी शांतता की त्याने श्वास रोखला की तिला कळायचं. तो श्वास जरा वरचेवर रोखतो, हेही कळलं. तिने त्याचं नाव ठेवलं होतं कानवाले. कानवाल्यांनी जुना फुटका स्पीकर आणून जोडला, मग तो प्लायवूडच्या खोक्यात घातला, मग विजेची घरघरही मिसळून पाहिली. गाणं काही लंगडेना.

"तुमचे कान फार सुंदर आहेत," एका संध्याकाळी तो एकदम म्हणाला.

"असं येईल तिला सांगता वाटतं?"

"येणाऱ्यांची सत्तरी उलटलेली असते. त्यांना सांगितलं तरी ऐकू येत नाही."

ती खळखळून हसली. "अहो, पण—" म्हणाली आणि जीभ चावली. त्या 'अहो'चा सूर भलताच लागला होता. दोघंही मग उगाचच वायरींचा गुंता सोडवत बसले.

शुक्रवारी साहेबांचा फोन आला. "व्हायोलिनवाल्याला बोलावू का उद्या?"

"नको, साहेब. गाणं उद्या देते. वगळायचं असेल तर ऐकून मग वगळा." तिने फोन ठेवला. कानवाल्यांनी आपला चहाचा कप तिच्याकडे सरकवला.

"आणि नाही सापडलं तर?"

"सापडणार."

"इतकी खात्री आहे?"

"खात्री कसली हो... हट्ट आहे."

शनिवारी सकाळी मामांची यंत्रं तयार होती. पार्लरच्या गोंगाटात जन्म गेल्यामुळे मामांचे कान गेले होते, आणि बोलणं सगळं ओरडून. "डॉक्टर, जरा जपून हं!" कानवाल्यांनी आपण डॉक्टर नसल्याचं परत एकदा सांगितलं, दोन्ही कानांत यंत्रं बसवली आणि, मामांना ओळखीचं काहीतरी ऐकवावं म्हणून, आपल्या सॉफ्टवेअरवर त्यांच्याच मशीनमधल्या गेमचं गाणं लावलं. दगडांवरून उड्या मारणाऱ्या बकरीचं.

मामा स्तब्ध झाले. "अरे... आमची बकरी!" एवढंच म्हणाले. डोळे भरून आले. आणि त्यांचा उजवा अंगठा खुर्चीच्या हातावर आपटायला लागला. टप. मग बराच वेळ काही नाही. मग टप टप.

अंगठा तालात नव्हता. भिंगरी बघत राहिली. मनातलं बकरीचं गाणं तिने ओठांत गुणगुणून पाहिलं... आणि कानवाल्यांची बाहीच धरली.

"तू अंगठा बघ! गाणं जिथे अडखळायचं ना, तिथे तिथे आपटतोय!"

"मामा, हे काय करताय?" त्याने विचारलं.

"काय म्हणजे? उडी! दगड आला की बटण दाबायचं. नाहीतर बकरी पडते. रोज पार्लर बंद करायच्या आधी एक डाव खेळायचोच मी. ही पोर तिथेच मशीनला टेकून बसलेली असायची."

कानवाल्याने कपाळावर हात मारला. "चिपमध्ये एका वेळी तीनच सूर वाजू शकतात. गाणं तिन्ही सूर वापरतं. मग बकरीने उडी मारली की उडीचा आवाज येणार कुठून? गाण्यातला एक सूर तेवढ्यापुरता गप्प करायचा आणि त्याची जागा उडीला द्यायची. मी गाणं हुबेहूब केलं, पण खेळणारं माणूसच विसरलो." तो तिच्याकडे वळला. "तू नुसतं गाणं कधी ऐकलंच नाहीस. तू मामांना ऐकत होतीस."

भिंगरीने मामांचा अंगठा दोन्ही हातांत धरला आणि डोळ्यांतलं पाणी तसंच वाहू दिलं.

"मी काय बिघडवलं का रे?" मामा घाबरले.

"तुम्ही रोज गाणं बिघडवत होता मामा, आणि ही त्या बिघाडाच्या प्रेमात पडली."

मग गडबड उडाली. त्याने सॉफ्टवेअरला एक बटण जोडलं. दाबलं की पहिला सूर गप्प. तिने स्वतःचं गाणं लावलं आणि मामांच्या हातात बटण दिलं. "दगड दिसतील तिथे उडी मारा मामा." मामांनी डोळे मिटले. त्यांना दगड दिसले. आणि गाणं लंगडलं, अडखळलं, तोल सावरत पुढे गेलं... जिवंत झालं.

तिने ते आहे तसं पाठवून दिलं. तिघं फोनकडे बघत बसले. फोन वाजला.

"हे काय केलंस गं?" साहेब म्हणाले. "दोनदा लावलं. मध्येच सूर जातो आणि जीव टांगणीला लागतो... व्हायोलिनवाल्याला येऊ नको म्हणून सांगतो."

भिंगरीने फोन ठेवला आणि जागच्या जागी गिरकी घेतली. थांबली ती नेमकी त्याच्यासमोर. आता उद्यापासून इथे यायला काही कारण उरलं नाही, हे दोघांनाही एकदमच कळलं.

"माझंही त्या चिपसारखंच झालंय," तो हळूच म्हणाला. "दुकान, घर, सॉफ्टवेअर. तीनच सूर, सुरळीत चालले होते. मग तू उडी मारलीस."

"आणि गप्प काय झालं?"

"तिन्ही. लंगडतोय मी पार."

"मग... दुरुस्त करून हवंय?"

"नको," तो म्हणाला. "असंच राहू दे."

मामा खाकरले. "डॉक्टर, यंत्र फारच उत्तम चालतंय हो. नको तेवढं ऐकू येतंय." त्यांनी कानातलं यंत्र काढून खिशात टाकलं आणि रस्त्याकडे तोंड करून बसले. "बोला आता निवांत."

"मला तू आवडतोस," भिंगरी म्हणाली. स्पष्ट, एकही सूर न गिळता. "पहिल्या दिवशी हसलास ना, तेव्हापासून. आणि उद्याही येणार आहे मी. कारण नसलं तरी."

मामांचा अंगठा खुर्चीच्या हातावर पडला. टप.

दुसऱ्या कानातलं यंत्र अजून तसंच होतं. पण ते त्या दोघांच्या लक्षात यायला बराच वेळ लागला.