गाडी नेहमी हो म्हणायची

रसिकाची गाडी स्पीडब्रेकरवरून उतरली, मागच्या बाजूने वर-खाली, वर-खाली, वर-खाली झाली, आणि रस्त्याकडेला उकिडवा बसलेला एक तरुण हसला.

तरुणाने हसायला कोणाची हरकत नसते. प्रेमकथेत तर ते त्याचं कर्तव्यच. पण हा तिच्याकडे बघून हसला नव्हता. तिच्या गाडीच्या डिकीकडे बघून हसला होता. रसिकाने गाडी थांबवून काच खाली केली. परतीच्या पावसाची भुरभुर आत आली.

"काय झालं हसायला?"

"काही नाही हो..." तो उठून उभा राहिला. हातात मोठा पाना, पँटीच्या गुडघ्यांना चिखल, केसांत पाण्याचे बारीक मणी. "गाडी 'हो' म्हणाली, म्हणून."

ही गोष्ट जगात फक्त दोन माणसांना ठाऊक होती — ती आणि तिचे बाबा.

"तुम्हाला कोणी सांगितलं?"

"काय?"

"की ती हो म्हणते."

"सांगायला कशाला पाहिजे? दिसतंय ना! एवढी मान दोघंच हलवतात — कीर्तनात पहिल्या रांगेत बसलेले आजोबा, आणि मागचे शॉकअप गेलेली गाडी."

रसिकाला हसू आलं. ते तिने रागाच्या खाली दडपलं. "आणि हा ब्रेकर इथे कालपर्यंत नव्हता."

"नव्हता. मीच लावलाय. हा रबराचा... पिवळा-काळा. तुमच्याच सोसायटीची ऑर्डर आहे. अजून एक पुढच्या वळणावर लावायचाय."

"अजून एक?"

"मी प्रीतम," तो म्हणाला. जणू त्याने सगळा खुलासा होत होता.

मुलाचं नाव प्रीतम ठेवताना आईवडिलांनी त्याच्यावर केवढं ओझं टाकलंय, याचा विचार केलेला दिसत नव्हता. पोराने मात्र लोकांना सावकाश जायला लावण्याचा धंदा निवडून आपल्या परीने तोल सांभाळला होता.

*

ती गाडी म्हणजे एक जुनी स्टेशन वॅगन. रसिकाच्या बाबांनी, चांगदेवरावांनी, ती वीसेक वर्षांपूर्वी घेतली. तेव्हा असली लांबलचक डिकीची गाडी कोणी घेत नसे. 'मागून शववाहिनी वाटते' असं ठाण्याच्या बाळकुममधल्या निम्म्या लोकांचं मत होतं आणि उरलेल्यांचं अजून बनायचं होतं. म्हणूनच ती स्वस्तात मिळाली. पुढे कंपनीनेच देशातून गाशा गुंडाळला. गाडी राहिली.

शॉकॲब्सॉर्बर कधी थकले ते कोणाला कळलं नाही. थकलेला माणूस तरी कुरकुरतो. शॉकॲब्सॉर्बर अधिकच गोड वागायला लागतात. प्रत्येक उंचवट्यानंतर गाडी मान डोलवायची. चांगदेवराव वागळे इस्टेटमधल्या कारखान्यात आयुष्यभर सुपरवायझर होते. कोणीतरी मान डोलवणं त्यांना मनापासून आवडायचं. ते ब्रेकर आला की गाडीला प्रश्न विचारायचे.

"काय गं बये, रसिकाला कॉमर्सला घालू?"

वर-खाली, वर-खाली. घातलं.

"आजच्या जेवणात मासळी?"

वर-खाली. आणली.

"ते डोंबिवलीचं स्थळ... सुशांत. बरा वाटतो. होकार कळवू?"

गाडीने इतक्या उत्साहाने मान हलवली, की मागच्या सीटवरची नारळांची पिशवी खाली पडली. कळवला.

साखरपुड्यानंतर चार महिन्यांनी सुशांतचाच फोन आला. भांडण नाही, आवाज चढवणं नाही. तो फक्त म्हणाला, "रसिका, तू मला हो कधी म्हणालीस, ते मला आठवतच नाहीये." रसिकाने खूप आठवून पाहिलं. तिलाही आठवेना. मग ते लग्न राहिलं ते राहिलंच.

त्यात वाईट असं काही झालं नाही — हेच तिला लागून राहिलं. ऑफिसात मीटिंगचं आमंत्रण आलं, की 'येते' आणि 'येत नाही' यांच्यामधलं 'बघते' हे बटण ती दाबायची. अख्ख्या कंपनीत ते बटण वापरणारी ती एकटीच असावी.

*

या पावसाळ्यात चांगदेवरावांच्या मणक्याचं ऑपरेशन झालं. डॉक्टर म्हणाले, हिंडा-फिरा, पण हादरा बसता कामा नये. ठाण्यात राहणाऱ्या माणसाला हे सांगणं म्हणजे पोहा, पण भिजू नका, असं सांगण्यासारखं. त्यांनी घराबाहेर पडणंच सोडलं. बाल्कनीत बसून खाली उभ्या गाडीकडे बघत राहायचे.

"बाबा, मागचे शॉकअप बदलून घेऊ या. मग तुम्हाला बसता येईल."

"नको. मुकी होईल ती."

"अहो बाबा, गाडी आहे ती."

"तुझ्या आईनंतर मला हो म्हणणारं घरात दुसरं आहे कोण?" मग स्वतःच वरमून म्हणाले, "तिलाच विचार. ती म्हणेल तसं."

रसिका खाली गेली, गाडी काढली, आणि फाटकापाशी प्रीतमच्या नव्याकोऱ्या ब्रेकरवर हळूच घालून विचारलं, "तुझे शॉकअप बदलू?"

गाडीने आयुष्यात कधी नाही म्हटलं नव्हतं. स्वतःच्या मुकेपणालाही तिने मान डोलवून संमती दिली. बाल्कनीतून चांगदेवराव बघत होते. कायदा त्यांचाच होता, बोलणार काय?

आणि पुढच्या वळणावर दुसऱ्या ब्रेकरचे बोल्ट आवळत प्रीतमही बघत होता.

"काय विचारलंत तिला?"

"तुम्हाला काय करायचंय?"

"नाही... ब्रेकर माझा आहे. थोडा हक्क पोचतो."

तिने सांगितलं. बाबांच्या पाठीचंही सांगितलं. त्याचा चेहरा पडला, ब्रेकरकडे बघून तो अपराध्यासारखा म्हणाला, "मी त्याची उंची वाढवायला नको म्हणालेलो हो. कमिटीने ऐकलं नाही." मग घाईघाईने, "या वॅगनचे शॉकअप सहज मिळत नाहीत. लहान गाडीचे लावायला बघतात, ते आखूड पडतात. कल्याणला सीतारामशेठ म्हणून आहेत, जुना माल ठेवतात. पण गाडी घेऊन या म्हणतात, मापून देतात. आणि बसवायला माझे कुंडलिकमामा... वागळेला गॅरेज आहे. येऊ मी बरोबर? रविवारी?"

"बघते," रसिका म्हणाली. सवयीने.

रविवारी सकाळी तो फाटकापाशी उभा होता. 'बघते' हे उत्तर ज्याला पुरलं, असा तिला भेटलेला तो पहिलाच माणूस.

*

कशेळीचा पूल ओलांडला आणि रस्त्याने आपला खरा स्वभाव दाखवायला सुरुवात केली. ट्रकांच्या रांगा, ओलं ऊन, खड्ड्यांत साचलेलं आभाळ. प्रीतम सीटची कड धरून बसला होता.

"मी विचारू का तिला?"

"एका ब्रेकरला एकच प्रश्न. बाबांचा नियम आहे."

"आज वडापाव मिळेल?"

वर-खाली, वर-खाली.

"मामा मला लोकांसमोर 'गाढवा' म्हणायचं सोडेल?"

वर-खाली.

"बघा! किती आशा आहे जगात."

रसिका हसली — या वेळी न दडपता. त्याने तिच्याकडे पाहिलं, मग पटकन खिडकीबाहेर. कोनगाव गेलं. पुढे एक उंच, ओबडधोबड ब्रेकर दिसला. त्याने घसा खाकरला.

"शॉकअपचं काम संपल्यावरही... रसिका मला भेटत राहील?"

गाडी उंच गेली, खाली बसली आणि मान डोलवत राहिली, डोलवतच राहिली. असला होकार गाडीने सुशांतच्या वेळीही दिला नव्हता.

"गाडीचं उत्तर धरू नका," रसिका समोर बघत म्हणाली. "ती सगळ्यांनाच हो म्हणते."

"मग तुमचं?"

तिने तोंड उघडलं. रस्ता अगदी सपाट होता. कुठेच काही नाही, एक खड्डासुद्धा नाही.

"मला... हो म्हणता येत नाही," ती म्हणाली. "म्हणजे नाही म्हणायचंय असं नाही. येतच नाही ते." आणि मग सुशांतचं सगळं सांगून टाकलं, तो शेवटचा फोनसुद्धा. प्रीतमने मध्ये एकही विनोद केला नाही. दुर्गाडीच्या पुलावर खाडीचा वारा आत आला, तेव्हा तो म्हणाला, "ठीक आहे. नवे शॉकअप बसू देत. मग विचारतो."

"मग गाडी काहीच बोलणार नाही."

"तेच तर."

सीतारामशेठनी गाडीखाली वाकून माप घेतलं, माळ्यावरून धुळीने माखलेले दोन खोके काढले आणि बजावलं, "एकटा कधी बदलायचा नाही हां. एक नवा, एक जुना असलं की गाडी वाकडी चालते. जोडीनेच लावा." ते दुकानातल्या मालाबद्दल बोलत होते. गिऱ्हाइकं दोन्ही लाल का झाली, ते त्यांना कळलं नाही.

*

कुंडलिकमामांनी गाडी जॅकवर घेतली, मागची चाकं काढली. खालचा बोल्ट गंजून बसला होता. त्याच्यावर तेल मारून, थांबून, पुन्हा मारून ते वैतागले.

"ए गाढवा, बॅटरी नीट धर. मॅडमकडे काय बघतोस, बोल्ट तिथे आहे काय?"

प्रीतमने रसिकाकडे केविलवाणं पाहिलं. गाडीची भाकितं ही अशी असायची.

जुना शॉकॲब्सॉर्बर निघाला — तेलाने काळाभोर, चिकट. मामांनी तो रसिकाच्या हातात दिला. "दाबा." तिने तळव्याने नुसता रेटा दिला, तर दांडा सरळ आत गेला, आणि आतच राहिला. कोणीही दाबावं, त्याने जावं. विरोध नाही, परत येणं नाही.

"आता हा नवा."

तो दाबताना तिला दोन्ही हात लावावे लागले, खांद्यातून जोर द्यावा लागला. तो गेला... पण सावकाश, आपल्या मर्जीने. आणि हात काढल्यावर तितक्याच सावकाश, कोणी न सांगता, परत बाहेर आला.

रसिका दोन्ही हातांत दोन शॉकअप घेऊन उभी राहिली. मामांना वाटलं, मॅडमना किंमत जास्त वाटतेय. पण तिच्या मनात वेगळंच चाललं होतं. इतकी वर्षं घरात ज्याला आपण होकार म्हणत आलो, तो होकार नव्हताच. नाही म्हणायची ताकद संपली की जे उरतं, ते होतं.

"काय झालं?" प्रीतमने हळूच विचारलं.

"काही नाही. तू बॅटरी धर नीट."

'तू' ऐकून त्याच्या हातातली बॅटरी हलली आणि मामांचा पाना सटकला. पुढचं बोलणं मामांचं होतं. ते इथे देण्यासारखं नाही.

*

संध्याकाळी चांगदेवराव पाठीला पट्टा बांधून जिन्याने उतरले. पुढच्या सीटवर उशी घेऊन बसले, मागे प्रीतम.

"हेच का ते, ब्रेकर लावणारे?"

"हो काका."

"उंच लावलात."

"हो काका."

"हा तर गाडीसारखाच बोलतो," चांगदेवराव पुटपुटले.

फाटकापाशी पहिला ब्रेकर आला. म्हाताऱ्याने डॅशबोर्डवर हात ठेवला. आवाज मुद्दाम हलका केला.

"काय गं बये... माझी पाठ होईल ना बरी?"

गाडी चढली, उतरली. एकदाच, मऊशी खाली बसली आणि स्थिर झाली. हादरा नाही, डोलणं नाही, काहीच नाही. चांगदेवराव वाट बघत राहिले. मग हात मांडीवर घेतला.

"पाठीला काही लागलं नाही," ते म्हणाले. आणि खिडकीबाहेर बघत, "मुकी झाली मात्र."

रसिकाने गिअरवरचा हात उचलून त्यांच्या हातावर ठेवला.

"होईल बरी. मी सांगते ना बाबा."

त्यांनी चमकून लेकीकडे पाहिलं. ही पोर एखादी गोष्ट अशी ठामपणे सांगते, हे त्यांना नवीन होतं.

पुढच्या वळणावर दुसरा ब्रेकर. आरशात प्रीतम दिसत होता — अंग चोरून, गुडघ्यांवर हात ठेवून. विचारीन म्हणाला होता. पण मुलीच्या बापाच्या पाठीमागे बसून असला प्रश्न विचारायची छाती त्याला नव्हती. पावसाचा एक थेंब काचेवरून घरंगळला...

गाडी चढली. गाडी उतरली. शांत.

"हो," रसिका म्हणाली.

"कोणाला? काय हो?" चांगदेवराव गोंधळले.

"कल्याणच्या रस्त्यावर एकाने एक प्रश्न विचारला होता, बाबा. त्याचं उत्तर द्यायचं राहिलं होतं."

रसिकाने आरशात पाहिलं. प्रीतमची मान तेवढी हलत होती — वर-खाली, वर-खाली, वर-खाली... थांबायचं नाव नाही.

चांगदेवरावांनीही आरशात वाकून पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मग उशीला टेकून समाधानाने म्हणाले,

"रसिका, गाडीचं काम झक्क झालंय. पण मागे बसलेल्याचे शॉकअप पार गेलेत बघ. त्याचे मात्र बदलू नकोस."