पिएत्रो लुसानीची शेवटची उडी

मलकापूरला मी गेलतो ते फक्त एक जुना प्रोजेक्टर बघायला. ताजबीभाभींचे मालक चमनभाई गावोगाव तंबूत सिनेमे दाखवायचे. ते गेल्यावर भाभी घरातलं सामान काढत होत्या. त्यांनी प्रोजेक्टरसोबत फिल्मचा एक गंजका डबाही पुढं सरकवला.

"ह्यो बी न्या. पर आमचं मालक ही फिल्लम संपायच्या आत बंद करायचं. दर खेपेला. का म्हणून इचारलं, तर डबा उचलून आत ठिवायचं."

फिल्मचं टोक उन्हाकडं धरलं आणि त्यावरची चित्रपटाची नि नटाची नावं वाचली. पिएत्रो लुसानी!

तुम्हाला नाव ठाऊक असायचं कारण नाही. शंभरावर वर्षं झाली. इटलीतल्या तुरीनचा हा न्हाव्याचा पोरगा सर्कशीत कसरती करता करता मूकपटात शिरला. धावत्या आगगाडीच्या टपावर नाचायचा, जळत्या घरातून शिट्टी वाजवत बाहेर यायचा. लोक वेडे व्हायचे. शेवटच्या चित्रपटात त्यानं चार मजली इमारतीवरून उडी मारली. खाली माणसं जाळं धरून उभी होती. तो जाळ्यात पडलाच नाही. कुठंच पडला नाही. त्या चित्रपटाची एकही प्रत उरली नाही, असं मी आजवर वाचत आलो होतो. आणि ती माझ्या मांडीवर होती!

कळंब्याला घरी पोचलो आणि भर दुपारी खिडक्यांना चादरी लावल्या. यंत्र हातानं फिरवायचं होतं. डब्यातून आंबूस वास सुटला होता. माझी बायको क्रांती मूकबधिर मुलांना शिकवते. तीही येऊन बसली.

भिंतीवर लुसानी आला. पडला, उठला, पळाला. आम्ही पोट धरून हसलो. मग तो गच्चीच्या कठड्यावर चढला आणि थांबला. सरळ आमच्याकडं वळला. त्याचे ओठ हलायला लागले.

"अहो..." क्रांती पुढं सरकली. "हा मराठीत बोलतोय."

"ओठ वाचता येतायत तुला?"

"'ह्या खेपेला... थांबवू नगंस.' परत परत तेच." तिचा आवाज खाली गेला. "तुमच्याकडं बघून म्हणतोय. अहो, यंत्र बंद करा."

खरं सांगू? मला भीती वाटलीच नाही. ती उडी बघायची होती! हात आवरेना.

"बंद करा म्हणते ना!"

लुसानीनं हात पसरले आणि झेप घेतली. तो हवेत असतानाच फिल्म संपली. भिंत पांढरीफटक.

डोक्यावर, आमच्या गच्चीत, धप्पकन काहीतरी पडलं.

अंधाऱ्या जिन्यानं आम्ही वर धावलो. गच्चीत रणरणतं ऊन. माणूस नव्हता. चटणीसाठी कुटलेली मिरची पसरली होती, तिच्यात टोकदार बुटांचे दोन खोल ठसे. तिथून लाल पावलं जिन्याकडं गेली होती. पायरी पायरीनं खाली, घरात.

"अहो... चढताना तुम्ही भिंतीला चिकटून वाट कुणाला दिलीत?"

अंधारात कुणाचा तरी खांदा घासला म्हणून मी सरकलो होतो. मला वाटलं, क्रांतीच. पण क्रांती तर माझ्या मागून चढत होती...