घड्याळजींची सही

रोपवालीच्या वाफ्यांना लागून एक मोकळा पट्टा होता, घड्याळजींचा. पुढे त्यांचं घड्याळदुरुस्तीचं दुकान आणि मागे कंबरेएवढं गवत. वाफ्यांची भाड्याची जागा सोडायची वेळ आली, तेव्हा रोपवालीने बिचकत विषय काढला.

"घे की पोरी," डोळ्याचं भिंग न काढताच म्हातारा म्हणाला. "गवताचं मी काय लोणचं घालू?"

विक्रीच्या कराराचं साठेखत झालं. मोजणी झाली की पक्कं खरेदीखत करायचं ठरलं. तोवर थांबू नकोस, असं घड्याळजी म्हणाले, म्हणून तिने आपली जुनी, कलमं काढायची झाडं त्या मातीत उतरवली. ती रुजली, आणि मोजणीच्या आधीच घड्याळजी गेले.

त्यांच्या मुलाने कानावर हात ठेवले. "बाबांनी काय लिहून दिलं ते बाबांनाच विचारा, काकू. मी सही करणार नाही."

रोपवालीच्या थोरल्या भावाने तिला वेड्यात काढलं. पण आता झाडं उपटली तर ती जगणार नव्हती. ती एका वकीलबाईंकडे गेली आणि साठेखताप्रमाणे खरेदीखत करून मिळावं म्हणून दावा दाखल झाला.

तारखांमागून तारखा पडल्या. उलटतपासणीच्या दिवशी मुलाचा वकील तिच्यावर तुटून पडला. "आजारी माणसाच्या भोळेपणाचा फायदा घेतलात. खरं ना?"

तिने पिंजऱ्याचा कठडा धरला. तेवढ्यात कोपराखाली कुणीतरी हात दिला. मागून घड्याळाच्या बारीक तेलाचा वास आला. वकीलबाईच असतील, असं तिला वाटलं. वकीलबाई तर समोर टेबलाशी उभ्या होत्या.

न्यायाधीशांनी मान वर केली. "त्या आजोबांना खुर्ची द्या कुणीतरी. केव्हाचे उभे आहेत."

शिपाई खुर्ची उचलून इकडेतिकडे बघत राहिला. साक्षीदाराच्या पिंजऱ्यामागे फक्त भिंत होती. न्यायाधीशांनी चष्मा काढून पुसला, परत घातला आणि म्हणाले, "पुढे चला."

"सही त्यांनी राजीखुशीने केली," रोपवाली म्हणाली. आवाज अजिबात कापला नाही.

निकाल तिच्या बाजूने लागला. तरी मुलगा सहीला फिरकला नाही. शेवटी त्याच्या वतीने सही करायला कोर्टाने आपला कारकून नेमला. गोल चेहऱ्याचा, बोलघेवडा गृहस्थ.

"माझी सही घरात बायको जुमानत नाही," नोंदणी कार्यालयात खुर्चीवर बसता बसता तो म्हणाला, "पण इथे जमिनी हलतात बघा!"

त्याने पेन उजव्या हातात घेतलं, टोपण काढलं. मग, रोजचीच सवय असल्यासारखं, ते डाव्या हातात दिलं आणि झरकन सही केली.

वकीलबाई वाकून बघत होत्या. त्यांनी घड्याळजींची डाव्या हाताची सही असलेलं साठेखताचं शेवटचं पान शेजारी ठेवलं. शेवटच्या अक्षराची शेपटी स्प्रिंगसारखी गुंडाळलेली. दोन्हीकडे.

"तुम्ही डावखुरे आहात?"

"नाही हो." कारकुनाने स्वतःच्या हाताकडे पाहिलं. मग तो हात त्याने खिशात घातला आणि खाली उजव्या हाताने स्वतःची सही केली. पुढे त्याने एकही विनोद केला नाही.

रोपवालीला भीती वाटायला हवी होती. तिचे डोळे मात्र भरून आले. दिलेला शब्द पाळायला माणूस कुठून कुठवर आला होता! कुणाला कळू न देता तिने पदराआड हात जोडले.

कोर्टाच्या बेलिफाने जमिनीचा ताबा दिला. पुढच्या आठवड्यात, सकाळी ती झाडांना पाणी घालत असताना मुलगा कुंपणाशी आला. तो हडकला होता, पण चेहरा निवांत दिसत होता.

"काकू, आभार मानायला आलोय."

"माझे? मी तर तुला कोर्टात खेचलं."

"बाबा गेल्यापासून रोज उशाशी उभे असायचे. बोलायचे नाहीत. नुसतं पेन पुढे करायचे." त्याने कुंपणावर हात टेकला. "मीही हट्टाला पेटलो होतो. खरेदीखत झालं त्या दिवसापासून मला झोप लागते. घरात कुणी नसतं."

"सुटले बिचारे," ती म्हणाली. "त्यांचे उपकार मी जन्मभर विसरायची नाही."

 मुलगा तिच्या पायांपाशी बघत होता.

नळीचं पाणी सपाट मातीवर पसरत आलं होतं. तिच्या शेजारी ते दुभंगलं आणि दोन बाजूंनी वळसा घालून पुढे गेलं. मधे दोन पावलांएवढी जागा कोरडी राहिली.

रोपवालीने नळी हळूच बाजूला धरली. म्हाताऱ्या माणसाचे पाय गारठू नयेत म्हणून.

कोरडी जागा एक पाऊल तिच्याकडे सरकली.