दोन पानांचं भाषण

पटलं तर घ्या, नाहीतर सोडून द्या. मी तिथे होते, आणि यातला एक शब्दही मी रचलेला नाही.

१७ नोव्हेंबर १९९१. रविवारची संध्याकाळ. भोपाळ, इंद्रपुरीजवळच्या आमच्या टाउनशिपचा क्लब हॉल.

माझे बाबा, नीळकंठ शेटे, कारखान्यात टर्नर होते. मराठी मंडळाच्या नाटकांत त्यांनी अठ्ठावीस वर्षं कामं केली. हवालदार, पोस्टमन, म्हातारा नोकर.

नायक कायम सुभाष कर्णिक. कारखान्यातले मोठे साहेब.

त्या संध्याकाळच्या नाटकात नोकराला, म्हणजे बाबांना, शेवटी दोन पानांचं भाषण होतं. मंडळाने ते नाटक आधी चारदा केलं होतं. चारही वेळा बाबांनी भाषण पाठ केलं, आणि साहेबांनी ते कापलं.

"पुरे, शेटे. नाटक लांबतंय."

त्या वर्षीच्या मार्चमध्ये साहेब वारले. दिग्दर्शिका सुचेताताईंनी भाषण परत घातलं.

प्रॉम्प्टिंग माझ्याकडे होतं. मी वही घेऊन विंगेत बसले होते.

भाषण सुरू झालं. पहिलं वाक्य गेलं. दुसरं...

समोरच्या विंगेत कोणीतरी खाकरलं.

तिकडे कोणीच नव्हतं. त्या बाजूच्या दाराला कुलूप होतं.

मग आवाज आला... हळू, पण स्पष्ट.

"पुरे, शेटे."

दिवे मंद झाले. डोक्यावरचे पंखे फिरत होते, पण त्यांची घरघर ऐकू येईना...

बाबांचं भाषण तुटलं. मी पुढचं वाक्य दोनदा सांगितलं. माझाच आवाज मला ऐकू आला नाही.

बाबा सावकाश त्या अंधाराकडे वळले.

"साहेब, कारखान्यात तुमचं ऐकलं. इथे नाही ऐकणार. माझं बोलून झाल्याशिवाय पडदा पडायचा नाही."

हे वहीत नव्हतं. लोकांना वाटलं, नाटकातलंच आहे.

बाबा बोलू लागले. अर्ध्या उजेडात, एकेक शब्द सुटा.

फळ्यांवर पावलं वाजली... त्यांच्या पाठीशी येऊन थांबली.

त्यांचा सदरा मागून ताणला गेला. कोणी मुठीत धरून ओढावा तसा.

बाबा तसूभरही हलले नाहीत. शेवटच्या शब्दापर्यंत बोलले.

टाळ्या सुरू झाल्या, तेव्हा दिवे आपोआप उजळले. लाइटवाला अशोक धावत आला. "दीदी, मैंने तो हाथ भी नहीं लगाया."

नंतर बाबा मेकअप उतरवत होते.

"बाबा, उज्जैनचा प्रयोग रद्द करू या," मी म्हटलं.

"का? पाठ आहे मला."

"ते परत आले तर?"

"येऊ देत. पूर्ण ऐकूनच जातील."

उज्जैनला बाबा पूर्ण भाषण बोलले. पुढे आणखी अकरा प्रयोग झाले. भाषणातला एक शब्द त्यांनी कधी गाळला नाही.

प्रत्येक प्रयोगाला विंगेत मीच होते. समोरच्या विंगेत कोण उभं असायचं, ते मला विचारू नका.

बाबांचं भाषण सुरू झालं, की वहीवरून मान वर करायची माझी कधीच हिंमत झाली नाही.